गलबताचे लाकूड कोठे मिळते?

गेल्या दिवाळीच्या सुटीत आमच्या शाळेचे दोन माजी विद्यार्थी आम्हांस भेटावयास घरी आले. दोघे सख्खे भाऊ. थोरला अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला, तर धाकटा महाविद्यालयात नुकताच दाखल झालेला. एरवी हसतखेळत येणारी ही जोडी त्या दिवशी मात्र एकमेकांकडे पाठ फिरवून बसली होती. कारण विचारले तेव्हा थोरला म्हणाला, "सर, माझे दोन आठवड्यांचे लाकूड याने एका रात्रीत विकून टाकले."

आम्हांस प्रथम वाटले, घराचे बांधकाम चालू असेल. परंतु चौकशी करता कळले की, हे लाकूड कोणत्याही वखारीतले नव्हते. ते होते संगणकावर खेळल्या जाणाऱ्या एका सागरी खेळातले. थोरल्याने मोठे जहाज बांधण्यासाठी फळ्या साठविल्या होत्या. धाकट्याने त्याच्या गैरहजेरीत खेळ उघडला, नव्या तोफेचा मोह पडला आणि त्याने तो साठा व्यापाऱ्याला विकून चांदीची नाणी केली. "नाणी तर परत मिळतात!" हे धाकट्याचे समर्थन. "मग लाकूड परत आण!" हे थोरल्याचे उत्तर.

तंटा तसा लहानच होता. परंतु त्याच्या मुळाशी जो प्रश्न आहे, तो लहान नाही. जी वस्तू थोडी आहे ती शोधावी कशी, आणि सापडल्यावर तिचे मोल कशाने ठरवावे? खेळ बाजूला ठेवला, तरी इतिहासात याच प्रश्नापायी राज्ये वाढली आणि बुडाली. यास्तव तो खेळ आम्ही त्या दोघांकडून समजावून घेतला, आणि त्यावरून जो विचार सुचला तो येथे विद्यार्थ्यांपुढे मांडीत आहो.

खेळाची ओळख

या खेळाचे नाव 'स्कल अँड बोन्स'. युबिसॉफ्ट या कंपनीच्या सिंगापूर येथील शाखेने तो तयार केला आणि १६ फेब्रुवारी २०२४ रोजी तो प्रसिद्ध झाला. जगाच्या निरनिराळ्या भागांतील खेळाडू एकाच आभासी समुद्रावर आपापली जहाजे हाकतात. प्रारंभीच सांगून ठेवतो की, हा खेळ मोठ्या वयाच्या खेळाडूंसाठी आहे. शाळकरी मुलांनी तो खेळावा अशी आमची शिफारस नाही. आम्हीसुद्धा तो केवळ शेजारी बसून पाहिला.

आमचे कुतूहल जागे झाले ते त्यातील स्थळकाळामुळे. चाचेगिरीच्या बहुतेक कथा अमेरिकेजवळच्या कॅरिबियन समुद्रात घडतात. हा खेळ मात्र सतराव्या शतकाच्या अखेरच्या हिंदी महासागरात घडतो. मादागास्करवर बेतलेले 'लाल बेट', आफ्रिकेचा किनारा आणि पूर्वेकडील बेटे असे त्याचे विभाग आहेत. खेळाडू प्रारंभी एका लहानशा डाऊवर असतो. मोठे जहाज हवे असेल, तर त्याचा आराखडा मिळवावा लागतो आणि आराखड्यात लिहिलेले साहित्य जमवून जहाज बांधणाऱ्या कारागिराच्या स्वाधीन करावे लागते. बाभळीच्या जातीचे लाकूड, जुटा नावाचा तंतू, दलदलीतील लोखंड, सोरा अशी ती यादी असते. हे साहित्य जमविणे हाच खेळाचा अर्धा भाग.

शोधाच्या चार रीती

थोरल्या भावाने आम्हांस जे दाखविले, त्यातून साहित्यशोधाच्या चार रीती आमच्या ध्यानात आल्या.

पहिली रीत कापणीची. किनाऱ्याला लागून जहाज नेले, आणि जवळ योग्य ते हत्यार असले, लाकडासाठी करवत व तंतूसाठी विळा, तर झाड कापता येते. पडद्यावर एक खूण सरकत असते. ती नेमक्या जागी येताच कळ दाबली तर माल अधिक मिळतो. घाई करणाऱ्याच्या पदरी थोडे पडते.

दुसरी रीत खरेदीची. ठिकठिकाणचे व्यापारी माल विकतात, परंतु त्यांच्याजवळ साठा बेताचा असतो. तो काही काळाने पुन्हा भरतो. जो खेळाडू आपल्या फेऱ्यांची आखणी करतो आणि वाटेवरच्या प्रत्येक बंदरात थोडे थोडे घेतो, त्याचे काम एका जागी ताटकळणाऱ्यापेक्षा लवकर होते.

तिसरी रीत पाळतीची. दुर्बिणीतून समोरच्या जहाजाकडे पाहिले की, त्यात कोणता माल आहे ते कळते. नकाशावर मालाच्या उगमाची स्थळेही पाहता येतात. उगम ठाऊक झाला आणि तो माल कोणत्या वाटेने जातो हे ध्यानात आले, म्हणजे सारा समुद्र धुंडाळावा लागत नाही. अर्थात खेळात या रीतीचा शेवट लुटीत होतो. त्याविषयी पुढे बोलू.

चौथी रीत संस्काराची, आणि नवशिके नेमके हिलाच विसरतात. कच्चे लाकूड जहाजाला चालत नाही. नाणी मोजून त्याच्या फळ्या करून घ्याव्या लागतात, तंतूचेही तसेच. शिवाय जहाजात भार वाहण्याला मर्यादा आहे. हाव धरून जहाज गच्च भरले की, ते मंद होते. मंद झाले की, शत्रूच्या हाती लागते. बुडाले की, माल समुद्रावर तरंगत राहतो आणि तो आणावयास पुन्हा तेथवर जावे लागते. म्हणून जाणते खेळाडू मधूनमधून वखारीत माल उतरवितात.

या चारही रीतींच्या मागे एकच सूत्र आम्हांस दिसले. दुर्मीळ वस्तू शोधण्यापूर्वी ती दुर्मीळ का आहे, हे विचारावे. काही वस्तू ठरावीक जागीच होतात म्हणून दुर्मीळ असतात. काहींना फार काळ लागतो, तर काही जागोजाग असूनही त्या वापरण्याजोग्या करण्याची विद्या व मेहनत थोड्यांनाच साधते. हे तीन प्रकार ध्यानात ठेवून आता खेळ मिटू आणि खऱ्या समुद्राकडे वळू.

जागेमुळे दुर्मीळ: सोरा

तोफेच्या दारूत सुमारे तीन चतुर्थांश भाग सोऱ्याचा असतो. उरलेला भाग लोणारी कोळसा आणि गंधक यांचा. म्हणजे ज्याच्यापाशी सोरा नाही, त्याच्या तोफा निव्वळ लोखंडाचे ओंडके होत. इंग्लंडमध्ये सतराव्या शतकाच्या पूर्वार्धात सोरा इतका अपुरा पडे की, राजाची माणसे लोकांचे कबुतरखाने व तबेले खणून तेथील माती नेत असत. जनावरांच्या मलमूत्राने भिजलेल्या मातीत सोरा तयार होतो, हे त्यामागील कारण. लोकांना या खणाखणीचा किती जाच होत असेल, याची कल्पना करावी.

हा जाच पुढे कमी झाला तो आपल्या देशामुळे. बिहारमध्ये पावसाळा सरून जमीन वाळली की, गुरांच्या वस्तीजवळच्या मातीवर सोऱ्याचा पांढरट थर फुटून येतो. नोनिया जातीचे कारागीर ती माती गोळा करीत, पाण्यात कालवून निथळून घेत, ते पाणी उकळीत आणि थंड करून सोऱ्याचे स्फटिक काढीत. पाटण्याला हा माल जमे आणि गंगेतून नावांनी हुगळीकडे जाई. तेथून डच व इंग्रज कंपन्यांची जहाजे तो युरोपास नेत. जहाजाच्या तळाशी वजन म्हणूनही तो उपयोगी पडे. प्लासीच्या लढाईनंतर १७५८ साली इंग्रजांनी या व्यापाराचा मक्ता आपल्याकडे घेतला. त्याचा परिणाम दूरवर झाला. फ्रान्सला हिंदुस्थानचा सोरा मिळेनासा झाला, आणि १७७५ मध्ये तेथील सरकारने दारूच्या कारखान्यांची नवी व्यवस्था लावून त्यात लाव्हाझिए या थोर रसायनशास्त्रज्ञाची नेमणूक केली.

एका प्रांतातील मातीचा थर आणि काही गरीब कारागिरांचे हात यांवर दूरच्या राष्ट्रांचे सामर्थ्य कसे अवलंबून होते, ते यावरून दिसते. त्या कारागिरांची नावे मात्र सहसा कोठे आढळत नाहीत.

काळामुळे दुर्मीळ: साग आणि डोलकाठी

आता लाकडाकडे वळू. युरोपात जहाजे ओक लाकडाची बांधीत. ओक बळकट खरा, परंतु त्यातील आम्लद्रव्यामुळे लोखंडी खिळे गंजतात. सागाचे तसे नाही. त्यात स्वाभाविक तेलाचा अंश असल्याने खिळे टिकतात, पाणी मुरत नाही आणि लाकूड पोखरणारे समुद्रकिडे त्याला सहजासहजी दाद देत नाहीत. मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्यातील कारागिरांनी बांधलेले 'ट्रिंकोमाली' हे जहाज मलबारच्या सागाचे आहे. १८१७ साली ते पाण्यात उतरले, आणि आज दोनशे वर्षांनंतरही इंग्लंडमधील हार्टलपूल येथे ते तरंगत उभे आहे.

परंतु साग काही महिन्या-दोन महिन्यांत होत नाही. भरदार खोड तयार होण्यास साठ-सत्तर वर्षे सहज लागतात. आजोबाने लावावा आणि नातवाने कापावा असा हा वृक्ष. मागणी वाढली तशी मलबारची राने इतक्या वेगाने उजाड होऊ लागली की, १८०६ साली कंपनी सरकारला तेथे वनरक्षक म्हणून कॅप्टन वॉटसन यांस नेमावे लागले. त्यांचे मुख्य काम रान राखण्यापेक्षा आरमारासाठी साग मिळविण्याचेच होते, हे येथे ध्यानात घ्यावे. आमच्या बेळगावकडील मुलांनी दांडेली-हल्याळच्या वाटेवर उंच सरळसोट साग पाहिले असतील. ते पाहताना हा इतिहास आठवावा.

डोलकाठीची अडचण आणखी निराळी. तिला उंच, सरळ आणि लवचीक असे एकसंध खोड लागते. इंग्लंडात अशी झाडे नव्हती. बाल्टिक समुद्राकाठून ती येत, आणि तो मार्ग युद्धात बंद होण्याची धास्ती असे. म्हणून १६९१ साली अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स वसाहतीच्या सनदेत एक कलम घालण्यात आले. जमिनीपासून एक फूट उंचीवर ज्याचा व्यास २४ इंच वा अधिक भरेल, ते खासगी मालकीचे नसलेल्या जमिनीवरील प्रत्येक झाड राजाचे. पुढे अशा पाइन वृक्षांवर बाणाची खूण करीत. वसाहतीतील लोकांना हे रुचले नाही. १७७२ मध्ये न्यू हॅम्पशायर येथे या झाडांवरून दंगा झाला, आणि पुढे चारच वर्षांनी अमेरिकेने स्वातंत्र्य पुकारले. दंग्यामुळेच स्वातंत्र्य आले असे आम्ही म्हणत नाही. परंतु लोकांच्या दारातील झाडावर दुरून खूण करणाऱ्या सत्तेविषयी लोकांच्या मनात काय साठते, ते यावरून कळते.

विद्येमुळे दुर्मीळ: दोर आणि राळ

नारळ आपल्या किनाऱ्यावर पुष्कळ आहेत. तरी त्याचे सोडण खाऱ्या पाण्यात महिनोगणती कुजवून, बडवून, तंतू मोकळे करून त्याचा दोर वळणे ही विद्या आहे. काथ्याचा दोर खाऱ्या पाण्यात चांगला टिकतो. चौदाव्या शतकात मालदीव बेटांवर राहिलेल्या इब्न बतूता या प्रवाशाने लिहून ठेवले आहे की, तेथील काथ्याने हिंदुस्थानची व येमेनची जहाजे शिवली जात. होय, शिवलीच जात. फळ्यांना भोके पाडून काथ्याच्या दोराने त्या एकमेकींस बांधीत. त्यांवर तेल व राळ यांचे लेप देत. युरोपात हेच काम पाइनच्या डांबराने होई. ते स्वीडनहून येई, आणि तेथील मक्त्याने भाव चढू लागले तेव्हा इंग्लंडने १७०५ साली अमेरिकन वसाहतींत डांबर करणाऱ्यांना बक्षिसी देण्याचा कायदा केला. ज्याचा एकच विक्रेता, त्या मालापायी मान कायम त्याच्या हाती राहते. खेळातील शहाणा खेळाडूसुद्धा म्हणूनच एकाच व्यापाऱ्यावर विसंबत नाही.

पाळत आणि लूट

तिसऱ्या रीतीविषयी बोलावयाचे राहिले होते. खेळात ज्याला दुर्बीण म्हणतात, ती खऱ्या चाच्यांपाशीही होती. मात्र त्यांची मोठी दुर्बीण म्हणजे वाऱ्यांचे ज्ञान. मोसमी वाऱ्यांमुळे हिंदी महासागरात जहाजांच्या येण्याजाण्याचे दिवस ठरलेले असत. १६९५ साली हेन्री एव्हरी हा इंग्रज चाचा तांबड्या समुद्राच्या तोंडाशी याच हिशेबाने दबा धरून बसला आणि यात्रेकरूंना घेऊन सुरतेस परतणारे 'गंज-इ-सवाई' हे मोगल जहाज त्याने लुटले. जहाजावरील निरपराध स्त्रीपुरुषांचे अनन्वित हाल झाले. बादशहाच्या कोपाने सुरतेच्या इंग्रज व्यापाऱ्यांना कैद भोगावी लागली. पडद्यावर लूट ही गंमत असेल, परंतु खऱ्या समुद्रावर तिच्या पलीकडच्या टोकाला माणसे असतात, एवढे विसरू नये.

येथे आणखी एक सावधगिरीची सूचना देतो. इंग्रजांच्या जुन्या कागदांत कान्होजी आंग्रे यांनाही 'चाचा' म्हटलेले आढळेल. कान्होजी हे मराठी राज्याचे सरखेल होते. आपल्या किनाऱ्यावरून जाणाऱ्या जहाजांनी दस्तक घ्यावे, असा त्यांचा आग्रह होता, आणि पोर्तुगीज तर हीच रीत त्यांच्या कितीतरी आधीपासून चालवीत होते. तेव्हा 'चाचा' हा शब्द कोण कोणाला उद्देशून वापरतो, हे पाहिल्याशिवाय विद्यार्थ्यांनी तो स्वीकारू नये.

आज्ञापत्रातील विचार

आता या लेखाच्या गाभ्याकडे येतो. रामचंद्रपंत अमात्य यांनी १७१५ च्या सुमारास लिहिलेल्या 'आज्ञापत्र' या ग्रंथात आरमाराचे एक प्रकरण आहे. आरमाराला लाकूड हवे, हे तर उघडच. परंतु ते कसे मिळवावे, याविषयी अमात्यांचा विचार मोठा मार्मिक आहे. सागासारखे लाकूड राज्यातील रानांतून परवानगीने तोडावे. अधिक लागेल ते परमुलखातून विकत आणावे. आंबा, फणस हीसुद्धा आरमाराच्या उपयोगाची झाडे. परंतु त्यांना हात लावू देऊ नये. कारण ती वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत. रयतेने ती पोटच्या लेकरांप्रमाणे वाढविलेली असतात. ती तोडली तर तिच्या दुःखाला पारावार राहणार नाही. एखादे झाड फारच जीर्ण झाले असेल, तर मालकाला राजी करून, मोल देऊन, त्याच्या संतोषाने ते न्यावे. जबरदस्ती मुळीच करू नये.

मॅसॅच्युसेट्सची सनद आणि आज्ञापत्र यांत पंचवीस वर्षांचेही अंतर नाही. गरज दोघांचीही एकच, आरमाराचे लाकूड. एकाने झाडाचा व्यास मोजला. दुसऱ्याने ते वाढविणाऱ्याचे कष्ट मोजले. मोलाची ही दुसरी मोजणी आमच्या मते अधिक खरी आहे, कारण तीत काळाचा हिशेब आहे.

आणि काळाचा हिशेब चुकला म्हणजे काय होते, त्याचाही दाखला आपल्याच किनाऱ्यावर आहे. विजयदुर्गाजवळ गिर्ये येथे आंग्रेकालीन गोदीचे अवशेष आजही दिसतात. तेथील आरमार पिढ्यांच्या कष्टाने उभे राहिले होते. फेब्रुवारी १७५६ मध्ये इंग्रज आरमार व पेशव्यांचे सैन्य यांनी मिळून विजयदुर्गावर तुळाजी आंग्र्यांविरुद्ध चाल केली, आणि त्या माऱ्यात बंदरातील आंग्र्यांची जहाजे जळून खाक झाली. घरच्या भांडणात तात्पुरता लाभ झाला असेल. परंतु पिढ्यांच्या कष्टाची ती जहाजे काही परत आली नाहीत. भावाभावांच्या तंट्यात दोघांचेही जे बुडते, त्याची किंमत बहुधा तिसराच वसूल करतो.

उपसंहार

हे सर्व आम्ही त्या दोघा भावांना त्याच दिवशी सांगितले. शेवटी धाकट्याला विचारले, "तोफेची नाणी मिळविण्यास तुला किती वेळ लागतो?" तो म्हणाला, "एक संध्याकाळ." "आणि ते लाकूड?" तो गप्प राहिला. थोडा वेळ गेल्यावर थोरलाच म्हणाला, "सर, मीही त्याला कधी सांगितले नव्हते की ते कशासाठी ठेवले आहे." चहा होईपर्यंत दोघे पुन्हा नकाशावर वाकून बसले होते, कोणी कोणत्या किनाऱ्याला जायचे याची वाटणी चालली होती. जाताना धाकटा म्हणाला, "सर, दांडेलीला एकदा खरे साग पाहायला जाऊ या." तो बेत अजून बाकी आहे.

विद्यार्थी मित्रहो, दुर्मीळ वस्तू शोधण्याचे कौशल्य चांगलेच. परंतु आपल्या घरात, आपल्या गावात अशी काय वस्तू आहे की, जी विकता एका संध्याकाळी येईल आणि जमविण्यास पिढ्या लागल्या असतील? तिची यादी प्रत्येकाने करावी. आजोबांनी लावलेला आंबा तीत असेल, जुनी विहीर असेल, आणि परप्रांतात राहूनही आपल्या घरी टिकलेली मराठी भाषाही असेल.

स्वाध्याय

१. आपल्या घरातील एखादी लाकडी वस्तू निवडा. ते लाकूड कोणत्या झाडाचे, ते झाड कोठे वाढते व तयार होण्यास किती वर्षे लागतात, हे घरातील वडीलधाऱ्यांना व सुतारकाकांना विचारून लिहा.

२. पाटण्याहून हुगळीपर्यंतचा सोऱ्याचा जलमार्ग नकाशात दाखवा.

३. "वस्तूची किंमत आणि वस्तूचे मोल यांत भेद आहे." या लेखातील दोन उदाहरणे देऊन आपले मत मांडा.